फसवणुकीचे खरेदीखत आणि अपील

श्रोतेहो, वसईत होळीकडच्या वाड्यांना भाव आला, तसे खरेदीखतांचे तंटेही आले. समजा, एखाद्या आजीबाईंनी मुखत्यारपत्र समजून अंगठा दिला आणि निघाले खरेदीखत! लोक सांगतात, "तलाठ्याला भेटा." पण नोंदलेले खत दुय्यम निबंधकालाही रद्द करता येत नाही. दिवाणी न्यायालयातच दावा लावायला हवा, आणि तोही 1963च्या मुदत कायद्याप्रमाणे लबाडी कळल्यापासून 3 वर्षांच्या आत.

नोंदलेले खत रीतसर झाले असेच धरून चालायचे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2006 साली प्रेमसिंग विरुद्ध बीरबल या खटल्यात सांगितले. तेव्हा लबाडी शाबीत करायची ती सहसा आजीबाईंनीच. नुसते 'फसवले' म्हणून भागत नाही. कोणी, केव्हा, काय सांगून फसवले, ते दाव्यातच लिहावे लागते. पुष्कळ जण इथेच घसरतात. म्हणतात, अपिलात सांगू! पहिल्या अपिलात जुना पुरावा पुन्हा पाहतात खरा, पण नवा क्वचितच घेतात. उच्च न्यायालयातल्या दुसऱ्या अपिलात तर फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्नच चालतो.

गुरुजी, सहीआधी कोणी कागद वाचायला आणला, तर 'मोबदला पोहोचला' ही ओळ जरा मोठ्याने वाचून दाखवा.