सासू म्हणजे ‘ललिता पवार’?

(महिला मेळाव्यातील भाषण)

आमच्या सल्ला केंद्रात सासूबद्दलची तक्रार आली की एक वाक्य हमखास ऐकू येतं. ‘ताई, सासू म्हणजे अगदी ललिता पवार!’ एवढं म्हटलं की आम्हाला सगळं कळल्यासारखं वाटतं. पुढे काही विचारायची गरजच राहत नाही. एका केसच्या कागदावर, समासात, मीही हे नाव लिहून ठेवलं होतं. पुढच्या आठवड्यात त्या सासूबाई आल्या. बोलता बोलता पदर सरकला आणि सुजलेलं मनगट दिसलं. मुलानं पिरगाळलं होतं. सुनेला मारणारा तोच. समासातलं ते नाव मी खोडलं, पण लाज गेली नाही.

मग वाटलं, ज्या बाईचं नाव आपण शिवीसारखं वापरतो ती होती तरी कोण?

ललिताबाईंचा जन्म १९१६ सालचा, येवल्याचा. माहेरचं नाव अंबा सगुण. शाळकरी वयातच त्या मूकपटांत आल्या. १९३२ साली ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. बोलपट आल्यावर त्या नायिका म्हणून उभ्या राहिल्या, स्वतःची गाणी स्वतः गायल्या. भल्या घरच्या बाईनं सिनेमात जाऊ नये असं मानणारा तो काळ!

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’चं चित्रीकरण चालू होतं. प्रसंग थपडेचा होता. सहकलाकाराचा हात चुकून फार जोरात बसला. चेहऱ्याला लकवा झाला. लांबलचक उपचारांनंतरही डावा डोळा अधू राहिला तो कायमचा. वय होतं सव्वीसच्या आसपास.

कारखान्यात यंत्रात हात सापडला तर आपण त्याला कामावरचा अपघात म्हणतो. हाही कामावरचाच अपघात होता. सिने-कामगारांसाठीचा कायदा त्यानंतर जवळजवळ चाळीस वर्षांनी, १९८१ साली आला. आपण मात्र या अपघाताची गोष्ट ‘नशिबाचा फेरा’ म्हणून सांगतो.

नायिकेची कामं संपली. ललिताबाई घरी बसल्या नाहीत. दुय्यम भूमिका घेतल्या आणि पुढची चार दशकं काम केलं. पण बाजारानं काय केलं बघा. जखमेनं बारीक झालेला डोळा हीच दुष्टपणाची खूण ठरवली. ‘दहेज’मधली सासू १९५० सालची, म्हणजे बाईंचं वय तेव्हा चौतीस. राज कपूर त्यांच्याहून जेमतेम आठ-नऊ वर्षांनी लहान, पण ‘श्री ४२०’ आणि ‘अनाडी’त त्या त्याला आईच्या जागी! नायक पन्नाशीतही नायकच राहतो, हे वेगळं सांगायला नको.

आणि याच दोन चित्रपटांत त्या मायाळू आहेत. ‘श्री ४२०’मधली केळीवाली गंगामाई आठवा. ‘अनाडी’तली तोंडानं फटकळ, मनानं हळवी मिसेस डिसा आठवा. उत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर पारितोषिक त्यांना मिळालं ते या मिसेस डिसासाठी. आपण लक्षात ठेवली फक्त खाष्ट सासू. पुढे १९८७ साली ‘रामायण’ मालिकेतल्या मंथरेनं ती प्रतिमा घराघरांत पक्की केली. १९९८ साली पुण्यात त्यांचं निधन झालं. नाव शिवी म्हणून मागे राहिलं.

मैत्रिणींनो, सासूचा जाच खोटा असतो असं मी मुळीच म्हणत नाही. छळ करणारी सासू असेल तर तिच्यावर कारवाई व्हायलाच हवी. पण ‘सासूच वाईट’ म्हटलं की घरातला पुरुष अलगद सुटतो. पैसा कुणाच्या हातात, घर कुणाच्या नावावर, हात कोण उचलतो, हे प्रश्न विचारायचेच राहून जातात.

आता आमच्या केंद्रात हे तीन प्रश्न आम्ही आधी विचारतो, आणि सासूशी वेगळं, एकटीशी बोलतो. त्या सासूबाई अजून मुलाविरुद्ध बोलायला तयार नाहीत. पण मागच्या खेपेला त्या सुनेबरोबर आल्या आणि तिच्या शेजारी बसल्या.

तेव्हा पुढच्या वेळी कुणी ‘ललिता पवार’ म्हणालं, तर हसून सोडून देऊ नका. विचारा, ‘आणि मारतं कोण?’