‘पक्षकाराच्या सूचना नाहीत’



कोर्टातल्या एका चार ओळींच्या कागदाबद्दल आज बोलायचं आहे. त्याला पुरसीस म्हणतात. वकील त्यावर लिहून देतात, ‘पक्षकाराच्या सूचना नाहीत’. बाई हजर नसते, प्रतिवादी हजर असतो. मग दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम ८ खाली दावा काढून टाकला जातो. तिची बाजू खरी की खोटी, याचा विचारही झालेला नसतो.

आमच्या सल्ला केंद्रात आलेल्या एकीचं असंच झालं. नवऱ्याने राहतं घर विकू नये म्हणून तिने दावा लावून तात्पुरता मनाई हुकूम मिळवला होता. पुढे ती माहेरी गेली, तिथून भाड्याच्या खोलीत. वकिलांची पत्रं सासरच्याच पत्त्यावर जात राहिली. दावा निघाला, त्याबरोबर मनाई हुकूमही गेला. तिला कळलं तेव्हा घर विकलं गेलं होतं. अर्ज करून दावा पुन्हा सुरू झाला, पण आता भांडण खरेदीदाराशीही आहे.

सूचना नव्हत्या, खरंच. पण त्या येणार कुठून? फी भावाने भरलेली, बोलणी भावाने केलेली, आणि बाईला स्वतःचा असा पत्ताच नाही. कोर्टाच्या कागदावर मात्र हा तिचा निष्काळजीपणा ठरतो.

कायदा इतका आंधळा नाही. आदेश ३, नियम ४ प्रमाणे कोर्टाच्या परवानगीशिवाय वकीलपत्र संपत नाही. बार कौन्सिलच्या नियमांनुसार वकिलाने पुरेशा कारणाशिवाय, पक्षकाराला वाजवी मुदतीची सूचना दिल्याशिवाय काम सोडू नये. वकिलाच्या कसुरीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्येच म्हटलं आहे. वकील ‘सूचना नाहीत’ म्हणाले तर कोर्टाने पक्षकाराला नोटीस काढायला हवी, हेही त्याच न्यायालयाने पुढे सांगितलं. हे मुद्दे आपल्या अर्जात आलेच पाहिजेत.

मुदत लक्षात ठेवा. दावा निघाल्याच्या तारखेपासून ३० दिवसांत तो पुन्हा सुरू करण्याचा अर्ज द्यायचा, गैरहजेरीचं कारण पुराव्यासह मांडायचं. उशीर झाला असेल तर मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंबमाफी मागायची. नियम ८ खाली दावा निघाला की त्याच कारणावरून नवा दावा लावता येत नाही, म्हणून हा अर्ज टाळून चालणार नाही. वकील नसेल तर १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे, उत्पन्न कितीही असलं तरी, स्त्रीला मोफत वकील मिळतो.

पत्ता किंवा फोन बदलला की वकिलांना लेखी कळवा आणि पोच घ्या. दाव्याचा सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक स्वतःजवळ ठेवा. ई-कोर्ट्सच्या ॲपवर त्यावरून पुढची तारीख दिसते. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी हे काम गटातल्या दुसऱ्या कुणी करायचं. यापुढे केंद्रात येणाऱ्या प्रत्येकीला ‘काय झालं?’ याबरोबरच ‘तुझी तारीख कधी आहे?’ हेही विचारूया, आणि त्या तारखेला तिच्यासोबत जाऊया.