सरहद्दीवरचे तेरा महिने

(मराठवाडा मुक्तिसंग्रामावर वैराग येथे झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)

१५ ऑगस्ट १९४७ रोजी वैराग स्वतंत्र भारतात होते. येथून पूर्वेला काही कोसांवर सुरू होणारा उस्मानाबाद जिल्हा, म्हणजे आजचे धाराशिव, स्वतंत्र नव्हता. भाषा एक, देवदैवते एक, बाजार एक. या गावच्या लेकी त्या गावांत दिलेल्या आणि तिकडच्या सुना इकडे आलेल्या. तुळजापूरची आई तर साऱ्यांचीच कुलस्वामिनी. तरीही मध्ये एक रेषा होती आणि त्या रेषेवर निजामाचे करोडगिरी नाके होते. बार्शीहून लातूरला जाणाऱ्या छोट्या गाडीत बसलेला प्रवासी वाटेतच एका राज्यातून दुसऱ्या राज्यात जात असे. आपल्याच आराध्यदैवताच्या दर्शनाला परक्या सत्तेच्या मुलखातून जावे लागण्याची ही अवस्था पुढे तेरा महिने टिकली.

दरवर्षी १७ सप्टेंबरला मराठवाड्याच्या आठ जिल्ह्यांत मुक्तिसंग्राम दिन साजरा होतो, ध्वजवंदन होते. बार्शी तालुका सोलापूर जिल्ह्यात, म्हणून या बाजूला त्या दिवसाचे फारसे सोयरसुतक नसते. वस्तुतः ज्या लढ्याने मराठवाडा मोकळा झाला, त्याचे पाय सरहद्दीच्या या बाजूला रोवलेले होते. बार्शी, सोलापूर, मनमाड, विदर्भातील उमरखेड, कर्नाटकात गदगजवळचे मुंडरगी अशी सीमेवरच्या छावण्यांची साखळीच त्या काळात उभी राहिली होती. इतिहास जिल्हावार लिहिण्याच्या आपल्या सवयीमुळे या छावण्यांना आश्रय देणारी गावे मात्र ना इकडच्या पुस्तकात आली, ना तिकडच्या.

निजामाचे संस्थान सुमारे ८२ हजार चौरस मैलांचे आणि एक कोटी साठ लाखांच्या वस्तीचे होते. प्रजेतील पंच्याऐंशी टक्क्यांच्या आसपास लोक हिंदू होते. सैन्य, पोलीस आणि वरच्या नोकऱ्या यांत मात्र चित्र नेमके उलटे होते. मराठी, तेलुगू आणि कानडी बोलणाऱ्या मुलांसाठी १९१८ मध्ये जे विद्यापीठ निघाले, त्याचे माध्यम उर्दू होते. धर्माचरणावर आणि सभासंमेलनांवर बंधने होती. त्यांविरुद्ध पहिला मोठा देशव्यापी आवाज उठला तो सोलापुरातूनच. डिसेंबर १९३८ मध्ये लोकनायक बापूजी अणे यांच्या अध्यक्षतेखाली आर्य परिषद तेथे भरली आणि पुढे आर्य समाज व हिंदुमहासभा यांच्या सत्याग्रहींच्या तुकड्या देशभरातून निजामाच्या तुरुंगांत दाखल झाल्या. १९३० च्या मार्शल लॉने आणि चार हुतात्म्यांच्या फाशीने तावूनसुलाखून निघालेल्या सोलापूरला ही जबाबदारी नवी नव्हती.

जून १९४७ मध्ये निजामाने आपण भारतात वा पाकिस्तानात सामील न होता स्वतंत्र राहणार असल्याचे घोषित केले. लातूरचा वकील कासीम रझवी इत्तेहादुल मुसलमीनचा सर्वेसर्वा होता आणि त्याचे रझाकार खेड्यापाड्यांतून लूट, जाळपोळ आणि खून करीत हिंडत होते. १५ ऑगस्टलाच स्वामी रामानंद तीर्थांना अटक झाली. २९ नोव्हेंबर १९४७ रोजी भारत सरकार आणि निजाम यांच्यात ‘जैसे थे’ करार झाला. त्याचा उपयोग निजामाने काय केला? भारतीय चलनाच्या व्यवहारावर निर्बंध घातले, पाकिस्तानला वीस कोटींचे कर्ज देऊ केले आणि सिडनी कॉटन नावाच्या वैमानिकाकडून कराचीमार्गे शस्त्रास्त्रे आणवली.

स्टेट काँग्रेसने कृती समिती नेमली. दिगंबरराव बिंदू तिचे प्रमुख होते. मराठवाड्याच्या कामाचे केंद्र सोलापुरात आले आणि तेथून गोविंदभाई श्रॉफ सूत्रे हलवू लागले. लढ्याच्या या पर्वाचे नेतृत्व काँग्रेसजनांचे होते, हे मान्य करण्यात कोणाही राष्ट्रभक्ताने संकोच बाळगू नये. त्यांच्या खांद्याला खांदा लावून आर्यसमाजी होते आणि कोणत्याही पक्षाचे नाव ठाऊक नसलेले शेकडो शेतकरीही होते.

देशाबाहेर तळ ठेवून स्वतःच्याच देशात घुसायचे, घाव घालायचा आणि परतायचे, ही पद्धत दुसऱ्या महायुद्धात नॉर्वेने जगाला दाखवली होती. ९ एप्रिल १९४० रोजी जर्मनीने तो देश गिळला. राजा हाकोन लंडनला गेला, तरुण मुले स्कॉटलंडला पोचली. तेथे त्यांना शिकवून बोटींतून आणि विमानांतून परत त्यांच्या डोंगरदऱ्यांत सोडले जाई. २७ फेब्रुवारी १९४३ च्या रात्री योआकिम रनेबर्गच्या तुकडीने हिमाच्छादित दरी ओलांडली आणि वेमोर्क येथील जड पाण्याचा कारखाना निकामी केला. हेच जड पाणी जर्मनीच्या अणुसंशोधनाला हवे होते. एकही गोळी झाडावी लागली नाही. सुरुंगाच्या वाती पेटवायच्या क्षणी तेथील नॉर्वेजियन पहारेकरी म्हणाला, माझा चष्मा सापडत नाही. युद्धकाळात नवा मिळणे कठीण होते, म्हणून त्यांनी आधी त्याचा चष्मा शोधून दिला. जाताना एक ब्रिटिश बंदूक मुद्दाम मागे ठेवली. हे काम बाहेरच्या सैनिकांचे आहे असे जर्मनांना वाटावे आणि आसपासच्या गावांवर सूड उगवला जाऊ नये, एवढ्याचसाठी.

तो चष्मा आणि ती बंदूक यांचे महत्त्व स्फोटाहून कमी नाही. कारण असल्या लढ्यात घाव घालणारा रात्रीत निघून जातो, गाव मात्र तेथेच राहते. एप्रिल १९४२ मध्ये नॉर्वेतील तेलवोग या कोळ्यांच्या गावात प्रतिकारकांशी झालेल्या चकमकीत दोन गेस्टापो अधिकारी ठार झाले. जर्मनांनी सारे गाव जाळले आणि ७२ पुरुषांना छळछावणीत धाडले. त्यांतील ३१ परतलेच नाहीत.

आपल्याकडेही हिशेब हाच होता. सीमेवरच्या छावण्यांतून जी कामे झाली ती वरवर किरकोळ वाटतील. करोडगिरी नाके उद्ध्वस्त करायचे, तारायंत्राच्या तारा तोडायच्या, रेल्वेमार्ग उखडायचा, पाटील-पटवाऱ्यांचे दप्तर जाळायचे, लेव्हीचे धान्य निजामाच्या कोठारात जाऊ द्यायचे नाही. सरकारला आबकारीचे उत्पन्न देणारी शिंदीची झाडे तोडण्याची मोहीम तर सत्याग्रहाच्या काळापासूनच चालू होती. या साऱ्याचा हेतू एकच : सरकार नावाची वस्तू गावात उरू द्यायची नाही. नाका गेला की जकात थांबते. दप्तर गेले की सारा थांबतो. तार तुटली की पोलीस ठाणे आंधळे होते. हाती शस्त्रे थोडी आणि समोर निजामाचे सैन्य व रझाकार, अशा स्थितीत समोरासमोरच्या लढाईचा आग्रह धरणे हा वेडेपणाच ठरला असता.

पण नाका फोडणाऱ्याला वाट दाखवणारा कोणी लागतो. कोठल्या ओढ्यातून जावे, कोठल्या वस्तीवर कुत्री भुंकतात, ठाण्यात आज किती शिपाई आहेत, हे गावातल्याच माणसाला माहीत. भाकरी बांधून देणारी, जखमी पोराला कडब्याच्या गंजीमागे लपवणारी, विचारणा झाली की कानांवर हात ठेवणारी माउली लागते. जालना भागातील धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके शस्त्रे पोचवण्यापासून प्रत्यक्ष हल्ल्यापर्यंत पुढे झाल्या, म्हणून त्यांचे नाव उरले. ज्यांनी फक्त चूल पेटती ठेवली त्यांची नावे कोणी विचारली नाहीत. आणि दुसऱ्या दिवशी रझाकार आले ते याच चुलींपाशी. मे १९४८ मध्ये बिदर जिल्ह्यातील गोरटा गावात जे हत्याकांड झाले, त्याच्या आठवणीने आजही अंगावर काटा येतो. सीमेपलीकडची कुटुंबेच्या कुटुंबे बैलगाड्यांतून बार्शी-सोलापूरकडे आली आणि या भागाने त्यांना सामावून घेतले.

या लढ्यातील सर्वांत धाडसी आणि तितकीच बोलकी घटना नांदेड जिल्ह्यातील उमरीची आहे. ३० जानेवारी १९४८ रोजी उमरखेडच्या बाजूने आलेल्या क्रांतिकारकांनी उमरी येथील हैदराबाद स्टेट बँकेवर छापा घातला. आबासाहेब लहानकर, साहेबराव बारडकर, नागनाथ परांजपे ही त्यांतील प्रमुख नावे. हाती वीस लाखांहून अधिक रक्कम लागली. १९४८ सालचे वीस लाख! त्याच दिवशी सायंकाळी दिल्लीत गांधीजींची हत्या झाली आणि शोकाच्या त्या लोटात उमरीची बातमी देशाला फारशी कळलीच नाही.

एवढी रक्कम रानावनातून हिंडणाऱ्या तरुणांच्या हाती आली. अनेकांच्या घरी दोन वेळची भ्रांत होती. एखाद्याने एक थैली कमरेला बांधली असती तर कोणाला कळणार होते? पैशाची मोजदाद झाली, तो छावणीत जमा झाला, लढ्यावर खर्च झाला, खर्चाचा हिशेब ठेवला गेला आणि मुक्तीनंतर उरलेली रक्कम सरकारजमा झाली. बँक लुटणारे जगात पुष्कळ झाले. लुटीचा जमाखर्च मांडणारे किती झाले? निजामाच्या दप्तरी हे सारे दरोडेखोर होते. त्यांना तसे म्हणणाऱ्यांना त्या जमाखर्चाच्या वहीइतके चोख उत्तर दुसरे नाही. १४ एप्रिल १९४४ रोजी धुळे जिल्ह्यात चिमठाण्याजवळ सरकारी खजिना ताब्यात घेणारे डॉ. उत्तमराव पाटील, जी. डी. लाड आणि नागनाथ नायकवडी यांचीही जातकुळी हीच.

ही जरब सर्वत्र आणि सर्व काळ टिकली असे मात्र म्हणता येत नाही. १३ सप्टेंबर १९४८ रोजी जनरल जयंतनाथ चौधरींच्या नेतृत्वाखाली मुख्य फौज सोलापूरहून निघाली. बोरी नदीवरचा नळदुर्गचा पूल शत्रूला उडवता येण्यापूर्वीच ताब्यात आला. तुळजापुरात रझाकारांनी दोन तास प्रतिकार केला आणि मग शस्त्रे टाकली. पाचव्या दिवशी निजाम शरण आला. सरदार पटेलांच्या खंबीरपणामुळे भारताच्या पोटातील ती गाठ सुटली. मात्र त्यानंतरच्या दिवसांत काही ठिकाणी सुडाचा भडका उडाला आणि रझाकारांशी काडीचाही संबंध नसलेली निरपराध मुसलमान कुटुंबे त्यात होरपळली. भारत सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या समितीचा अहवाल अनेक वर्षे अप्रकाशित राहिला. मृतांच्या त्यातील आकड्यांवर वाद आहेत, परंतु सर्वाधिक झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबादचे नाव त्यात आहे. शेजाऱ्यांनी शेजाऱ्यांना वाचवल्याच्या नोंदीही त्यात आहेत. भारतात विलीन व्हावे असे लिहिल्याबद्दल ‘इमरोज’चा संपादक शोएबुल्ला खान याला ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनीच ठार मारले होते. शत्रू कोण आणि शेजारी कोण, हे ज्यांना त्याच्या मरणावरूनही कळले नाही, त्यांनी उमरीच्या वहीत एक काळे पान जोडले. ते पान फाडून इतिहास सांगता येणार नाही. नॉर्वेजियनांनीही आपली अशी पाने झाकलेली नाहीत. २० फेब्रुवारी १९४४ रोजी जड पाण्याचा उरलेला साठा वाहून नेणारी ‘हायड्रो’ ही बोट त्यांनी बुडवली, तेव्हा त्यांचेच चौदा देशबांधव बुडाले. बोटीत सुरुंग लावणाऱ्या क्नुत हाउकेलिडला ते आधीच ठाऊक होते.

स्वातंत्र्यानंतरची एक गोष्ट मात्र मनाला डाचते. सीमेवरच्या छावण्यांत राहिलेल्यांना स्वातंत्र्यसैनिक म्हणून मान्यता मिळाली, निवृत्तिवेतनही मिळाले. लगोलग खोट्या दाखल्यांचे पीकही आले. बीड जिल्ह्यातील बनावट स्वातंत्र्यसैनिकांचे प्रकरण न्यायालयात गेले आणि चौकशीसाठी न्या. पालकर आयोग नेमावा लागला. ज्यांनी वीस लाखांतील पै न् पै दाखवून दिली, त्यांच्या नावावर काहींनी महिन्याचे पैसे उचलले! आणि ज्यांनी खरोखर ओढे तुडवले त्यांपैकी कित्येकांनी अर्जही केला नाही. छावणीत दाखला द्यायला कारकून नव्हता.

अशा वेळी खरे-खोटे ठरवायचे साधन एकच उरते : गावाची आठवण. ती आता फार थोड्यांपाशी आहे. १९४८ साली दहा वर्षांचा असलेला मुलगा आज नव्वदीच्या घरात आहे. बार्शी आणि वैराग भागातील कोणत्या वाड्यात पाहुणे म्हणून अनोळखी पोरे उतरत, कोणत्या मळ्यात सामान पुरले जाई, निर्वासितांची कोणती कुटुंबे येथेच राहिली आणि कोणती सप्टेंबरनंतर परत गेली, हे विचारायला शाळांतील मुले वहीपेन्सिल घेऊन घरोघर जाऊ शकतात. सांगणाऱ्याचे नाव, गाव, त्याने स्वतः पाहिले की ऐकले, एवढे प्रत्येक नोंदीपुढे लिहायचे आणि जे पडताळता येणार नाही त्यापुढे तसे स्पष्ट नमूद करायचे. भाकरी बांधून देणाऱ्या बायांची नावे अशा वहीत पहिल्या पानावर असावीत. त्यांच्या लेकी-सुना अजून याच गावांत नांदत आहेत.