दोन समुद्रांमधली चढण

मध्य अमेरिकेच्या चिंचोळ्या भूपट्टीवर, निकाराग्वा आणि पनामा यांच्या मध्ये वसलेल्या कोस्टारिका या देशाचे क्षेत्रफळ ५१,१०० चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या जेमतेम एक षष्ठांश आहे. तरीही एका टोकाला दलदलीतील ताडवने आणि दुसऱ्या टोकाला रात्री दहिवर गोठणारे खुरट्या झुडुपांचे माळ, एवढी निसर्गाची विविधता या देशात सामावलेली आहे. हा सगळा प्रदेश ८ ते ११ अंश उत्तर अक्षांशांच्या दरम्यान येतो, त्यामुळे विषुववृत्तापासूनच्या अंतरावरून या विविधतेचा उलगडा होत नाही. तो होतो उंचीवरून आणि वाऱ्याच्या दिशेवरून.

वायव्येकडून आग्नेयेकडे गेलेल्या पर्वतरांगा देशाचे दोन उतार पाडतात. पूर्वेचा उतार कॅरिबियन समुद्राकडे जातो आणि पश्चिमेचा पॅसिफिक महासागराकडे. दोन्ही समुद्रांमधील अंतर सर्वांत अरुंद जागी सुमारे १२० किलोमीटरच आहे, परंतु एवढ्या अंतरात सर्वोच्च शिखर चिरिपो ३,८२० मीटरपर्यंत चढते. दर हजार मीटरला तापमान साधारण सहा अंशांनी उतरत असल्यामुळे किनाऱ्यावरचा उकाडा आणि शिखरावरची थंडी यांत एका दिवसाच्या प्रवासापुरतेच अंतर राहते. ईशान्येकडून येणारे व्यापारी वारे कॅरिबियन समुद्रावरील बाष्प घेऊन डोंगरांना धडकतात आणि पूर्वेच्या उतारावर जवळजवळ वर्षभर पाऊस पाडतात. डोंगर ओलांडून वायव्येकडील ग्वानाकास्ते प्रांतात उतरताना मात्र ते कोरडे झालेले असतात, म्हणून तेथे डिसेंबरपासून एप्रिलपर्यंत पावसाचा थेंबही दुर्मीळ असतो.

हवामानाचे थोडेसे आकडे हाती घेऊन वनस्पतींचे स्वरूप सांगता येईल का, हा प्रश्न अमेरिकन वनशास्त्रज्ञ लेस्ली होल्ड्रिज यांनी १९४७ मध्ये मांडला आणि तापमान, वार्षिक पाऊस व बाष्पीभवनाची मागणी या तीन गोष्टींच्या आधारे जगाची ‘जीवनक्षेत्रे’, म्हणजे विशिष्ट हवामानात विशिष्ट प्रकारचे वनस्पतिजीवन बहरणारे विभाग, आखून दिली. पुढे कोस्टारिका हीच त्यांची कर्मभूमी झाली. त्यांच्या पद्धतीनुसार या छोट्या देशात बारा जीवनक्षेत्रे भरतात, आणि हा आकडा देशाच्या प्रत्येक माहितीपत्रकात अभिमानाने छापला जातो. या पद्धतीत एक उणीव मात्र आहे. वर्षभरात पाऊस किती पडला हे ती विचारते, तो कोणत्या महिन्यांत पडला हे विचारत नाही. वास्तविक दोन हजार मिलिमीटर पाऊस बारा महिन्यांत विभागून पडणे आणि सहा महिन्यांत पडून जाणे, यांतून दोन अगदी वेगळी अरण्ये उभी राहतात.

कॅरिबियन बाजूच्या सखल भागात, जेथे वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, ला सेल्वा हे संशोधन केंद्र आहे आणि उष्ण कटिबंधातील सदाहरित अरण्यांविषयीच्या आजच्या ज्ञानाचा मोठा भाग तेथून आलेला आहे. अशा अरण्यात झाडांच्या फांद्या अपिवनस्पतींनी लगडलेल्या असतात. अपिवनस्पती म्हणजे दुसऱ्या झाडाच्या अंगावर वाढणारी, पण बांडगुळाप्रमाणे त्याचा रस न शोषणारी वनस्पती. त्यांपैकी अननसाच्या कुळातील ब्रोमेलियाड्सच्या पानांच्या बेचक्यात पावसाचे पाणी साठून राहते, आणि त्या ओंजळभर पाण्यावर स्ट्रॉबेरी विषारी बेडूक या नखाएवढ्या लालभडक प्राण्याचा वंश चालतो. जमिनीवरील पाचोळ्यात घातलेल्या अंड्यांतून पिल्ले बाहेर आली की मादी त्यांना पाठीवर घेऊन झाडावर चढते, बहुधा एका बेचक्यात एकच पिल्लू सोडते, आणि पुढे अनेक आठवडे दर काही दिवसांनी त्या त्या बेचक्याशी परत येऊन त्या पाण्यात फलन न झालेली अंडी घालते. ती अंडी हेच पिल्लाचे अन्न. पाऊस आठ-पंधरा दिवस हटला तर हा सारा संसार वाळून जाईल, यावरून वर्षभराच्या ओलाव्याचे महत्त्व ध्यानात यावे.

कॅरिबियन समुद्रावरून येणारे व्यापारी वारे आणखी वर चढले की बाष्पाचे ढग होतात आणि साधारण दीड हजार मीटर उंचीवर ते थेट झाडांमधून वाहू लागतात. अशा अरण्याला मेघवन म्हणतात. तेथे झाडांना पावसाखेरीज ढगांतूनही पाणी मिळते, कारण शेवाळे आणि नेचे यांनी मढलेल्या फांद्या धुक्यातले थेंब गाळून घेतात. माँतेव्हेर्दे येथील मेघवन आज उभे आहे त्याचे श्रेय काही अंशी क्वेकर पंथाच्या काही अमेरिकन कुटुंबांना जाते. सक्तीच्या लष्करभरतीला विरोध असलेली ही मंडळी, १९४८ मध्ये स्वतःचे सैन्य बरखास्त करणारा देश म्हणून कोस्टारिकाची निवड करून, १९५१ मध्ये तेथे येऊन राहिली, दुग्धव्यवसाय करू लागली आणि आपल्या ओढ्यांचे उगम आटू नयेत म्हणून माथ्यावरचे जंगल त्यांनी न तोडता राखले. त्यालाच जोडून १९७२ मध्ये राखीव अरण्य झाले. त्या माथ्यावरच्या काही चौरस किलोमीटरांत आणि जगात अन्यत्र कोठेही नाही, असा एक सोनेरी भेक राहत असे. १९८७ पर्यंत तो विणीच्या दिवसांत डबक्यांभोवती शेकड्यांनी दिसे, १९८९ मध्ये एकच नर दिसला आणि त्यानंतर एकही नाही. कातडीवर वाढणारी कायट्रिड बुरशी आणि कोरडे पडत चाललेले धुक्याचे दिवस, या दोन्हींवर शास्त्रज्ञांनी बोट ठेवले आहे, आणि दोघांचा वाटा किती याबद्दल वाद आहे.

मेघवनाच्याही वर तालामांका रांगेत प्रचंड ओकवृक्षांची अरण्ये आहेत, आणि सुमारे ३,२०० मीटरच्या पुढे झाडे संपून बुटक्या बांबूंचा व झुडुपांचा पारामो सुरू होतो. ओक उत्तर अमेरिकेकडून आले, पारामोतील पुष्कळ वनस्पतींचे नातेवाईक दक्षिणेकडे अँडीज पर्वतात सापडतात. सुमारे तीस लाख वर्षांपूर्वी ही भूपट्टी समुद्रातून वर येऊन दोन खंड जोडले गेले, त्याचीच ही खूण होय.

सदाहरित अरण्याच्या हिरवाईपुढे ग्वानाकास्तेच्या पानझडी अरण्याकडे पर्यटकांचे दुर्लक्ष होते. अभ्यासकाला मात्र तेच अधिक बोधप्रद वाटावे. मराठी वाचकांना तेथील काही झाडे ओळखीची वाटतील. कोकणातील शेताच्या बांधावर हिरवळीच्या खतासाठी लावली जाणारी गिरिपुष्पाची झाडे आणि महाराष्ट्रातील देवळांच्या आवारातला चाफा या दोघांचे मूळ घर मेक्सिको व मध्य अमेरिकेतील अशाच कोरड्या प्रदेशात आहे. चाफ्याच्या फुलात मध नसतो. रात्री दरवळणाऱ्या वासाने ते हॉकमॉथ नावाच्या जाडजूड अंगाच्या वेगवान पतंगांना फसवून बोलावते, आणि रिकाम्या हाताने एका फुलावरून दुसऱ्या फुलावर जाणारा हा पतंग परागांची ने-आण करून जातो.

अमेरिकन जीवशास्त्रज्ञ डॅनियल जॅन्झन यांनी अनेक दशके या अरण्यात घालवली. पावसाळ्याच्या सुरुवातीला कोवळ्या पालवीवर वाढलेल्या पतंगांच्या अनेक जाती पुढे पूर्वेकडील ओल्या उतारांवर निघून जातात आणि पुढच्या पावसाबरोबर परततात, हे त्यांच्या कामातून स्पष्ट झाले. १९७१ मध्ये स्थापन झालेल्या सांता रोसा राष्ट्रीय उद्यानाची सीमा कोरड्या जंगलापाशीच थांबत होती. म्हणजे ज्यांच्यामुळे या झाडांना फळे धरतात त्या कीटकांचे अर्धे वर्ष कुंपणाबाहेर जात होते. म्हणून १९८० च्या दशकात आसपासची गुरांची कुरणे विकत घेऊन संरक्षित प्रदेश समुद्रापासून ज्वालामुखींच्या माथ्यापर्यंत आणि पलीकडच्या ओल्या उतारापर्यंत वाढवण्यात आला. त्या कुरणांत आफ्रिकेतून आणलेले जारागुआ हे पुरुषभर वाढणारे गवत माजले होते आणि दर उन्हाळ्यात त्याला लावलेल्या आगींत रोपे जळत असत. आगी थांबवणे हेच पुनरुज्जीवनाचे मुख्य काम ठरले. त्यानंतर वाऱ्याने उडणाऱ्या बियांची झाडे आपोआप परतली. ज्या झाडावरून प्रांताला नाव मिळाले त्या ग्वानाकास्तेच्या, कानाच्या आकाराच्या शेंगा मात्र वाऱ्यावर जात नाहीत. त्या खाऊन बिया पसरवणारे महाकाय प्राणी हजारो वर्षांपूर्वी नष्ट झाले असावेत, असा तर्क जॅन्झन आणि पॉल मार्टिन यांनी १९८२ मध्ये मांडला; आज ते काम काही अंशी घोडे आणि गुरे करतात. ज्या गुरांसाठी जंगल तोडले गेले त्यांनीच त्यातील एक झाड टिकवावे, ही गंमत नोंदवण्यासारखी आहे.

किनाऱ्यांवरही दोन उतारांचा फरक दिसतो. पॅसिफिक बाजूला भरती-ओहोटीत दोन-तीन मीटरांचा फरक पडतो, त्यामुळे तेर्राबा आणि सिएर्पे नद्यांच्या मुखाशी विस्तीर्ण कांदळवने आहेत. कॅरिबियन बाजूला भरती जेमतेम हातभर असल्याने तेथे कांदळवने थोडी आणि गोड्या पाण्यातील ताडाच्या दलदली अधिक.

विसाव्या शतकाच्या मध्यानंतर गोमांसाच्या निर्यातीसाठी या देशातील जंगल झपाट्याने तुटले आणि १९८० च्या दशकात ते सुमारे एक चतुर्थांश भूमीवर उरले. आज निम्म्याहून अधिक भूमी वृक्षाच्छादित आहे. १९९६ च्या वनकायद्यानुसार जंगल राखणाऱ्या जमीनमालकांना इंधनावरील कराच्या उत्पन्नातून मोबदला दिला जातो, आणि त्याची जगभर वाहवा झाली. गोमांसाचे भाव त्याआधीच कोसळल्यामुळे पुष्कळ कुरणे ओस पडली होती, ही गोष्ट त्या कौतुकात बहुधा सांगितली जात नाही. शिवाय वाढलेले जंगल सलग नाही. माँतेव्हेर्देच्या परिसरात वीण करणारा घंटापक्षी, ज्याच्या नराच्या चोचीभोवती तीन लांब लोंबते तुरे असतात, वीण संपल्यावर आधी डोंगरमाथ्यापलीकडे, मग कॅरिबियन सखल भागात आणि त्यानंतर पॅसिफिक उताराच्या खालच्या जंगलांत जातो, हे त्याला रेडिओ प्रेषक बांधून केलेल्या अभ्यासातून कळले. तो मुख्यतः दालचिनीच्या कुळातील रानफळांवर जगतो आणि ती फळे प्रत्येक उंचीवर वेगळ्या महिन्यात पिकतात. त्याच्या या फेऱ्यातील वरचे टप्पे सुरक्षित आहेत. खालचा पॅसिफिक उतार मात्र कुरणांनी आणि शेतांनी तुकडे तुकडे झालेला आहे. माँतेव्हेर्देपासून निकोया आखातापर्यंतच्या पट्ट्यात ‘घंटापक्ष्याची वाट’ आखलेली आहे, आणि तेथील जमीन बहुतांशी खाजगी मालकीची असल्यामुळे शेतकऱ्यांना कॉफीच्या मळ्यांत आणि कुरणांच्या कडेने हीच रानझाडे लावायला राजी करणे, हे त्या वाटेचे काम झाले आहे.