हायपेरियन : उलट्या काळाची थडगी

मागच्या भागानंतर बऱ्याच जणांनी विचारलं की, ताई, काळाशी खेळणाऱ्या गोष्टींवर एवढं बोललात आणि 'हायपेरियन' कसं काय सुटलं? सुटलं नव्हतं हो. मी टाळत होते. का, ते येईलच पुढे.

ज्यांनी वाचलेलं नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. डॅन सिमन्स या अमेरिकन लेखकाची ही कादंबरी १९८९ ची. १९९० चं ह्यूगो पारितोषिक तिला मिळालं. सात यात्रेकरू हायपेरियन नावाच्या ग्रहावर निघालेत आणि वाटेत एकेक जण आपली कहाणी सांगतो. चौसरच्या 'कँटरबरी टेल्स'चा साचा. जायचंय कुठे, तर 'टाइम टूम्ब्ज'कडे. मी त्यांना काळथडगी म्हणते. ही थडगी भविष्यात बांधलेली आहेत आणि तिथून मागे, भूतकाळाकडे सरकतायत. त्यांच्याभोवती काळाला भरती-ओहोटी येते. जवळ गेलं की गरगरतं, हे सगळं आधी कधीतरी घडलंय असं वाटायला लागतं.

आणि तिथे वावरतो श्राईक. चार हात, अंगभर पाती आणि काटे, लाल डोळे. तो कुठून येतो कळत नाही, कारण तो चालत येतच नाही. आत्ता नसतो, आणि आत्ता असतो. कोणी त्याला देव मानून पूजतात, कोणी नुसते भितात. खरं सांगू? श्राईकची मला फार भीती वाटली नाही. पाती-बिती ठीक आहे, सिनेमात शोभेल. मला भीती वाटली ती सोल वाइनट्राब या प्राध्यापकाच्या कहाणीची.

सोलची मुलगी रेचेल पुरातत्त्व शिकलेली. थडग्यांपैकी एक आहे, त्याचं नाव स्फिंक्स. त्यात काम करत असताना एका रात्री काळाची लाट येते आणि ती त्यात सापडते. जिवंत वाचते. पण त्या दिवसापासून तिचं वय उलटं चालायला लागतं. रोज रात्री झोपली की एक दिवस पुसला जातो. शरीरातून आणि आठवणीतूनही. सकाळी उठते ती एका दिवसाने लहान होऊन. आपल्याला काय झालंय हेच तिला ठाऊक नसतं, त्यामुळे आईवडिलांनी ते रोज नव्याने सांगायचं. रोज ती नव्याने हादरते.

आपल्याकडे काळ वाकवणाऱ्या गोष्टी कमी नाहीत. नारळीकरांची 'कृष्णविवर' घ्या. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ती 'नारायण विनायक जगताप' या नावाने पाठवली होती. (आद्याक्षरं उलटी वाचून बघा, गंमत आहे.) पण कृष्णविवराजवळ काळ मंदावतो तो आइन्स्टाइनच्या हिशोबात बसतो. रेचेलचं तसं नाही. तिचं कुठलंच गणित मांडता येत नाही, आणि सिमन्स ते मांडायच्या भानगडीतही पडत नाही. तो सरळ स्वयंपाकघरात जातो, सकाळच्या वेळी. आज कोण सांगणार?

आता माझं. माझे बाबा एसटीत कंडक्टर होते. आई जाऊन तीन वर्षं झाली. त्याच सुमारास बाबांचं विसरणं सुरू झालं आणि ते साधं विसरणं नव्हतं. बाबा मागे मागे जातायत. आधी निवृत्ती गेली, मग माझं लग्न गेलं. हल्ली पहाटे चारला उठून खाकी शर्ट शोधतात, पहिली गाडी काढायचीय म्हणून. वेबिल कुठे ठेवलं विचारतात. आणि मग, "तुझी आई उठली नाही का अजून?"

सुरुवातीला मी खरं सांगायचे. बाबा, आई गेली. आणि ते ओक्साबोक्शी रडायचे, कारण त्यांच्यासाठी ती आत्ताच, त्या क्षणी गेलेली असायची. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. मी त्यांची बायको किती वेळा मारली, मोजलं नाही.

पुस्तकात एक जागा आहे. रेचेल स्वतःच एके दिवशी वडिलांना म्हणते की उद्या सकाळी मला सांगू नका. मला जे माहीत नसेल ते राहू दे. मी तिथे पुस्तक मिटलं ते चार-पाच महिने उघडलं नाही.

मी सांगणं बंद केलं. आई मावशीकडे गेलीय म्हणते. दादाला हे अजिबात पटत नाही. तो म्हणतो, बाबांनी आयुष्यात कधी एका रुपयाचा हिशोब खोटा दिला नाही, त्यांना तू रोज खोटं सांगतेस. आमचं यावरून कडाक्याचं भांडण झालंय, एकदा तर महिनाभर बोलणं बंद होतं. आणि दादाचं चूक आहे असं मला म्हणता येत नाही. रेचेलने निदान स्वतः सांगितलं होतं. बाबांना विचारायला मी उशीर केला.

तर म्हणून टाळत होते. सोल पुढे काय करतो ते सांगणार नाही. यात्रेला निघतो तेव्हा रेचेल त्याच्या छातीशी बांधलेलं तान्हं बाळ आहे, हातात मोजके दिवस उरलेत, आणि एक आवाज त्याच्या स्वप्नात येऊन मुलीचा बळी मागतोय. पहिला भाग इथे तुटतो. पूर्ण व्हायचं असेल तर १९९० चा 'द फॉल ऑफ हायपेरियन' लागतोच. दोन्ही जवळ ठेवून बसा, नाहीतर मला शिव्या द्याल.

मागच्या रविवारी दादा आला होता. पहाटे बाबा उठले, मी आत चहा टाकत होते. बाबांनी त्यालाच कंडक्टर समजून विचारलं, "अहो, आमच्या घरी निरोप दिलात का, मला उशीर होईल म्हणून?" दादा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "दिला, साहेब. वहिनी म्हणाल्या, सावकाश या."