घर कुणाच्या नावावर, घर कुणाचे?

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

मी पाथर्डीचा. आमच्याकडे जुन्या वाड्याचा विषय निघाला, की पहिला प्रश्न येतो, ‘उतारा कुणाच्या नावावर आहे?’ वाटण्या होतात, खरेदीखते होतात, कुलपे बदलतात. पण घर म्हणजे नुसता उतारा नव्हे. आज मला ज्या घराबद्दल बोलायचे आहे, ते आपल्या नगरकरांच्या नेहमीच्या वाटेवरचे आहे. शिरूर, वाघोली मागे टाकून पुण्यात शिरताना लागणारा आगाखान पॅलेस.

हा महाल १८९२ सालचा. म्हणजे व्हिक्टोरिया राणीच्या काळातला. इटालियन धाटणीच्या कमानी, प्रशस्त व्हरांडे, भोवती हिरवळ. बांधणारे होते तिसरे आगाखान, सुलतान महंमद शहा. त्यांचा जन्म १८७७ चा. म्हणजे महाल उभा राहिला तेव्हा मालकाचे वय जेमतेम पंधरा! सातव्या वर्षीच ते इस्माइली पंथाचे इमाम झाले होते. आसपासच्या दुष्काळी भागातल्या लोकांच्या हाताला काम मिळावे म्हणून हा महाल बांधला, असे सांगतात. दुष्काळी कामाचा अर्थ पाथर्डीकरांना वेगळा सांगायला नको.

पुढे १९४२ चा ऑगस्ट उजाडला. ९ तारखेला पहाटे मुंबईत धरपकड झाली आणि नेत्यांना रेल्वेने हलवले. गांधीजींना चिंचवडला उतरवून या महालात आणले. नेहरू, पटेल, मौलाना आझाद यांना तीच गाडी पुढे आपल्या नगरला घेऊन आली. म्हणजे एकाच पुणे-नगर रस्त्याच्या एका टोकाला महालात गांधीजी आणि दुसऱ्या टोकाला भुईकोट किल्ल्यात काँग्रेस कार्यकारिणी!

महाल असला तरी तो तुरुंगच होता. सहा दिवसांनी, १५ ऑगस्टला, गांधीजींचे सचिव महादेवभाई देसाई हृदयविकाराने गेले. महादेवभाईंचा जन्म १ जानेवारी १८९२ चा, म्हणजे महाल आणि ते एकाच वयाचे. त्यांचे दहन आवारातच झाले. गांधीजी रोज त्या जागी फुले वाहायला जात. १९४३ च्या फेब्रुवारीत त्यांनी इथेच एकवीस दिवसांचा उपवास केला. आणि २२ फेब्रुवारी १९४४ ला, महाशिवरात्रीच्या दिवशी, कस्तुरबांनी इथेच प्राण सोडला. महादेवभाईंच्या शेजारीच त्यांचे दहन झाले.

त्यानंतर गांधीजींनी सरकारला लिहिलेल्या पत्रातली एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. एवढी मोठी जागा, एवढा मोठा पहारा, ही जनतेच्या पैशांची उधळपट्टी आहे, मला कुठल्याही साध्या तुरुंगात ठेवा, असे त्यांनी कळवले होते. पत्नी गमावलेला पंचाहत्तरीकडे झुकलेला कैदी आपल्यावरच्या खर्चाचा हिशेब विचारत होता. ६ मे १९४४ ला प्रकृतीच्या कारणाने त्यांची सुटका झाली.

१९५७ मध्ये तिसरे आगाखान वारले आणि इमामपद त्यांचे नातू प्रिन्स करीम यांच्याकडे आले. १९६९ साली त्यांनी हा महाल भारतीय जनतेला दान दिला. ते गांधीजींचे जन्मशताब्दी वर्ष म्हणून आपल्या लक्षात असते. कस्तुरबांचा जन्मही १८६९ चाच, ही गोष्ट मात्र सहसा कुणाला आठवत नाही. २००३ मध्ये पुरातत्त्व खात्याने वास्तूला राष्ट्रीय महत्त्वाचे स्मारक म्हणून जाहीर केले.

आता गंमत पाहा. बांधणारे आगाखान इजिप्तमध्ये अस्वान इथे विसावले. दान देणारे प्रिन्स करीम २०२५ मध्ये वारले, त्यांचेही दफन अस्वानलाच झाले. या आवारात कायमचे राहिले ते दोघे, ज्यांचा इथल्या एका विटेवरही हक्क नव्हता. नाव अजून आगाखानांचेच आहे, आणि ते योग्यच आहे. ज्याने सोडून दिले त्याचे नाव राहावे. पण माणसे चप्पल काढून उभी राहतात ती मागच्या बाजूच्या त्या दोन समाध्यांपाशी.

म्हणून एक सुचवावेसे वाटते. आपल्या गावातला एखादा वाडा विकला जाईल, पाडला जाईल. त्याला इलाज नसतो. पण पाडण्याआधी घरातल्या म्हाताऱ्या माणसांपाशी बसा. मालकांची नावे उताऱ्यावर मिळतीलच. तिथे कोण राबले, कुणी आसरा घेतला, कोण कुठल्या खोलीत गेले, हे विचारून वहीत लिहून ठेवा. ती नोंद कुठल्याच कचेरीत मिळत नाही.