मृताचे ऋण आणि वारसांची जबाबदारी


कार्यकारी मंडळाने बोलण्याची आज्ञा केली तेव्हा समारंभास शोभेल असा विषय घ्यावा, असे प्रथम वाटले. परंतु वकिलीच्या व्यवसायात जे वारंवार दृष्टीस पडते तेच आपणांपुढे मांडण्याचे मी ठरविले.

एका गृहस्थाचे अकस्मात निधन झाले. तेराव्याच्या पंक्ती उठतात न उठतात तोच धनको दारी आला. ‘मुलाने बापाचे नाव राखावे’ असे म्हणून त्याने थोरल्या मुलाची नव्या वचनचिठ्ठीवर सही घेतली. मृताची मिळकत म्हणावी तर भांडीकुंडी तेवढी. बापाच्या कर्जापायी हा मुलगा पदरचा एक पैसाही देणे लागत नव्हता. स्वतःच्या सहीपायी मात्र बांधला गेला. माझ्याकडे तो आला, तो दावा लागल्यानंतर!

पितृऋण फेडणे हे पुत्राचे धर्मकर्तव्य, असे आपले शास्त्र सांगते. मुंबई इलाख्यात तर एके काळी वडिलार्जित काही हाती आले नसले तरी पुत्रावर कर्जाचा बोजा पडत असे. १८६६ च्या कायद्याने ही जबाबदारी मृताच्या मिळकतीपुरती मर्यादित केली. तथापि एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतील पुत्राचा हिस्सा पित्याच्या कर्जास, ते अनीतीचे नसल्यास, पात्र राहिला. हिंदु वारसा कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीनंतर काढलेल्या कर्जाबाबत केवळ या धर्मकर्तव्याच्या आधारे पुत्र, पौत्र वा प्रपौत्र यांच्यावर दावा चालत नाही.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेची ५० व ५२ ही कलमे सर्वांनी ध्यानी ठेवावीत. मृताच्या ऋणाचा हुकूमनामा वारसावर झाला तरी त्याची बजावणी मृताकडून हाती आलेल्या मिळकतीतूनच व्हावयाची. वारसाचा पगार किंवा स्वकष्टार्जित घर त्यात येत नाही. मात्र एक मेख आहे. हाती आलेल्या मिळकतीचा विनियोग योग्य रीतीने झाला, असे वारसास दाखविता आले नाही, तर तेवढ्या रकमेपुरता तो स्वतः जबाबदार ठरतो. म्हणून काय आले, काय विकले, कोणते देणे भागविले याचा हिशेब पावत्यांसह पहिल्या दिवसापासून ठेवावा.

दावा चालू असता प्रतिवादी मरण पावला, तर वादीने ९० दिवसांच्या आत वारसांस दाव्यात आणण्यासाठी अर्ज करावयाचा असतो. न केल्यास मृतापुरता दावा संपुष्टात येतो. तो पुनरुज्जीवित करण्यासाठी पुढे ६० दिवसांची मुदत असते. दाव्यात नाव आले म्हणजे आपण कर्जदार झालो, असे समजून गर्भगळित होऊ नये. आणि ‘कर्ज माझे नव्हे’ म्हणून समन्स बाजूस टाकून गैरहजरही राहू नये. हजर राहून ‘मृताची अमुक इतकीच मिळकत आमच्या हाती आली आहे’ हे लेखी मांडावे.

दोन अपवाद विसरू नयेत. आपण जामीन राहिलो असू, तर ती जबाबदारी आपली स्वतःची. आणि गहाण मिळकत वारसाकडे येते ती गहाणाच्या बोज्यासह. उलट, १८७४ च्या विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेच्या कायद्याखाली पत्नी व मुले यांच्या हितार्थ उतरविलेल्या विम्याची रक्कम पतीच्या मिळकतीत धरली जात नाही व ती सामान्यतः त्याच्या धनकोंच्या हाती लागत नाही. संसारी पुरुषांनी याचा विचार हयातीतच करावा.

कर्ज बुडवा, असे सांगण्यास मी उभा नाही. ऐपत असेल त्याने वडिलांचे खरे देणे आनंदाने फेडावे. कायदा त्याच्या आड येत नाही. परंतु ते हिशेब पाहून, विचारपूर्वक व पावती घेऊन फेडावे. सुतकात, डोळ्यांत पाणी असताना, कोणत्याही कागदावर सही करू नये. आणि पुरुषमंडळींनी आपले देणे-घेणे एका वहीत लिहून ती वही पत्नीस दाखवून ठेवावी. एवढे आज घरोघरी झाले, तरी माझ्या बोलण्याचे सार्थक झाले असे मी समजेन.